मधल्या पातीचं कडवं

नवेगाव बांधचा तलाव मागं टाकून अर्जुनीच्या रस्त्याला लागलं की आत वळल्यावर आमचं गाव. या गावात रुक्माबाई राहतात. नात्यानं माझ्या मोठ्या चुलतसासू. गाव रुक्माबाई म्हणतं, आम्ही घरातले मोठमाय म्हणतो. धानाच्या रोवणीत वाकून वाकून तिची पाठ आता तशीच राहून गेली आहे. चालताना बघणाऱ्याला वाटतं, हिचं काहीतरी पडलंय आणि ही शोधते आहे. मी लग्न होऊन गोंदियाहून इथं आले तेव्हा भाबडेपणानं विचारलंही होतं, "काय शोधता मोठमाय?" तर म्हणाली, "सापडलं तं सांगीन."

सकाळी गुडाखूनं दात घासत ती नळाशी येते आणि आपली पितळेची गुंडी आपल्याच हातानं भरते. घरात स्टीलची भांडी भरपूर, तरी प्यायचं पाणी गुंडीतच. गुंडीच्या पोटाला एका बाजूनं चांगला वाटीएवढा पोचा आहे. तो कशानं पडला विचारलं की "पडली होती" एवढंच उत्तर मिळायचं. लहान मुलांनी विचारलं तर तेवढंही नाही.

गावात तिला मान आहे तो एका गाण्यामुळं. हे गाणं ज्या गोष्टीचं आहे ती आधी सांगते.

तेव्हा भंडारा जिल्हा होता. आमच्या मोहल्ल्यातल्या बाया केशोराव मालकाच्या वावरात रोवणीला जायच्या. दिवसभर पोटरीएवढ्या चिखलात वाकून पऱ्हे लावायचे, म्हणजे धानाची रोपं, आणि तहान लागली की वावरातल्या विहिरीजवळ ओंजळ धरून उभं राहायचं. मालकाचा गडी वरून पाणी ओतायचा. विहिरीला, दोराला, बादलीला हात लावायचा नाही. छप्पन सालीच मोहल्ल्यानं बुद्धाचा धम्म घेतला होता, आणि अस्पृश्यता कायद्यानं त्याच्याही आधी संपली होती. पण कायदा गोंदियापर्यंत रेल्वेनं आला, तिथून पुढं यायला त्याला गाडी मिळाली नसावी.

मग एका पावसाळ्यात, बहात्तरचा दुष्काळ सरल्यावर, ऐन रोवणीत बाया कामावरून उठल्या आणि धुऱ्यावर, म्हणजे वावराच्या बांधावर, जाऊन उभ्या राहिल्या. पऱ्ह्यांच्या पेंढ्या उपटून बांधीत, धानाच्या खाचरात, टाकलेल्या. दोनचार दिवसांत लागल्या नाहीत तर वाया. बायांचं म्हणणं एवढंच: आमच्या हातानं पाणी काढून पिऊ, मग रोवू. मालकानं धमकावलं, दुसऱ्या गावातून बाया आणायचं बोलला, आभाळाकडं बघितलं, आणि शेवटी वाकला. पेपरात काही आलं नाही. पोलिसात कोणी गेलं नाही. कुठं एक ओळ लिहिलेली नाही. राहिलं ते रोवणीचं गाणं, त्याच बायांनी त्याच चिखलात बांधलेलं. त्या बायांपैकी बऱ्याच जणी गेल्या, काही पोरांकडं नागपूरला गेल्या. पूर्ण गाणं येणारी एकटी मोठमाय उरली.

माझा दीर संघदीप अर्जुनीला शाळेत शिकवतो आणि इथल्या विहाराचं वाचनालय सांभाळतो. त्याच्या मनात आलं की हे गाणं मोबाईलवर भरून ठेवावं, पोरांना ऐकवावं. वैशाख पौर्णिमेचा मुहूर्त धरला. वंदना झाली, खीर वाटायची बाकी ठेवली, मोठमायला उशी लावून खुर्चीत बसवलं. आम्ही सगळ्या पांढऱ्या साड्या नेसून, हात जोडून, ओळीनं बसलो. आवाज नको म्हणून पंखेसुद्धा बंद केले. मे महिन्यात! पण कोणी हूं की चूं केलं नाही. लेकरांना डोळ्यांनी दाबून ठेवलं.

मोठमायनं गळा साफ केला आणि उचललं,

"वाकली वं रांग, माय, वाकली वं रांग…"

आणि थांबली. आमच्याकडं बघितलं. आम्ही अजूनच ताठ बसलो. तिनं पुन्हा तीच ओळ घेतली. पुन्हा थांबली. तिसऱ्यांदा आवाज थोडा कापरा निघाला. संघदीप हलक्या आवाजात म्हणाला, "मोठमाय, पुढं?"

"जाऊ दे बापू," ती खुर्चीचा दांडा धरून उठली. "नाही जमत. खीर वाटा, पोट्टे ताटकळले."

बाहेर चपला घालताना संघदीप मला म्हणाला, "वहिनी, उशीर केला आपण. गेलं गाणं." त्याचा चेहरा पाहवत नव्हता. मला मात्र एक गोष्ट खटकत होती. विसरलेलं माणूस आठवायला वर बघतं, नाही तर डोळे मिटतं. मोठमाय आमच्या तोंडांकडं बघत होती, एकीनंतर एक. आणि तिच्या मांडीवर उजव्या हाताचा अंगठा आणि दोन बोटं सारखी खाली टोचत होती, रोप खोचावं तशी.

पुढच्याच आठवड्यात तेंदूपत्ता सुरू झाला. पहाटे बाया जंगलातून पानं आणतात आणि दुपारी सावलीत बसून त्यांचे पुडके बांधतात. मी बी.ए. असले तरी माझे पुडके अजून सैल होतात, आणि मोठमाय ते माझ्यादेखत सोडून पुन्हा बांधते. त्या दुपारी आम्ही दोघी अंगणात निंबाखाली बसलो होतो. ती हात चालवता चालवता स्वतःशीच गुणगुणली, "वाकली वं रांग, माय, वाकली वं रांग."

माझं ध्यान पानांच्या देठांत होतं. लग्नानंतर सुरुवातीची काही वर्षं मीही रोवणीला गेले होते, तिथं हे ऐकून ऐकून तोंडात बसलेलं. न कळतच म्हणून गेले, "उठली वं रांग, माय, उठली वं रांग."

आणि मोठमाय पुढं निघाली. ठेचकाळली नाही की थांबली नाही:

"फुलवंताच्या पाठीवर तान्हं लेकरू,
म्हणे, पेंढ्या सुकल्या तरी हात नका लावू."

माझ्या हातातलं पान हातातच. मी घाईनं पुन्हा म्हटलं, "उठली वं रांग." तिनं पुढचं घेतलं:

"फुलवंताच्या पाठीवर तान्हं लेकरू,
म्हणे, पेंढ्या सुकल्या तरी हात नका लावू."

"मोठमाय! अहो, येतं ना सगळं! मग त्या दिवशी विहारात काऊन नाही म्हटलं?"

"कोणाले म्हणू?" ती पुडका आवळत म्हणाली. "एकीनं टाकलं तं बाकीच्यांनी झेलाले नको? तुम्ही तं मयतीले बसल्यावाणी बसले होते."

"विहारात बोलायचं नसतं म्हणून गप्प होतो."

"मंग रोवणीचं गाणं विहारात कायले नेलं?"

मान द्यायच्या नादात आम्ही तिचं गाणंच अडवून धरलं होतं. रोवणीत एक बाई ओळ टाकते आणि सगळी रांग ती झेलते, झेलल्याशिवाय पुढची निघत नाही. पेंढी फेकणारा आहे पण धरणारी नाही, तर पेंढी चिखलातच पडणार.

दुसऱ्या दिवसापासून विहार बाजूला राहिला. दुपारी आमच्या अंगणात पुडके बांधायला शेजारच्या बाया बसू लागल्या, आणि संघदीपचा मोबाईल निंबाच्या फांदीला टांगला. त्याला आधी धास्ती वाटली. "वहिनी, यात बकरी ओरडून राहिली, कोणी शिव्या देऊन राहिलं, हे ठेवायचं कसं?"

"बापू," मोठमाय म्हणाली, "रोवणीत बकऱ्या नव्हत्या का? अन् शिव्यायचं तं विचारूच नको. धा मिनिटं थांब, तुलेच एक देतो."

बाया खो खो हसल्या. ते हसणंही भरलं गेलं.

गाणं येत गेलं. केशोरावाचं कडवं आलं:

"केशोराव मालक पाहे आभाळाकडं,
पऱ्हे वाळून राहिले त्याच्या डोळ्यांपुढं."

ढिवर मोहल्ल्यातल्या जमुनाबाईचं आलं. तिच्या जातीला विहीर बंद नव्हती, तिनं खुशाल दोर ओढून पाणी प्यावं, कोणी अडवलं नसतं. पण ती दिवसभर या बायांबरोबर धुऱ्यावर उभी राहिली:

"जमुना ढिवरीण, तिले विहीर मोकळी,
तरी आमच्यासंगं राहिली तहानली, कोरडी."

सगळं ऐकताना माझ्या लक्षात येऊ लागलं की गाणं रांगेच्या क्रमानं जातं. प्रत्येक बाई रोवताना आपल्या पुढ्यातला जेवढा पट्टा घेते ती तिची पात, आणि जशी पात तसं कडवं. मोठमाय अनुसयाबाईचं म्हणताना डाव्या हाताकडं मान करायची, जमुनाबाईचं म्हणताना उजवीकडं. आणि या दोघींच्या मधे दरवेळी एक अडखळ. जीभ टाळूला लावून टक् असा आवाज करायची आणि उडी मारून पलीकडं जायची. झेलणाऱ्या बायांचाही ताल तिथं चुकायचा.

एकदा सगळ्या गेल्यावर मी विचारलं, "मोठमाय, अनुसयाबाई आणि जमुनाबाई यांच्यामधली पात कोणाची होती?"

"माही."

"मग तुमचं कडवं?"

"आपलं आपण म्हणते का कोणी?"

मला समजलं नाही. तेव्हा तिनं मला रांगेचा कायदा सांगितला. कोणतीच बाई आपलं कडवं बांधत नाही आणि आपल्या तोंडानं म्हणतही नाही. शेजारची बांधते, शेजारचीच टाकते. "शेजारचीले दिसते ना वं, आपण सरळ रोवून राहिलो का वाकडं. आपल्याले आपलं कुठी दिसते?" अनुसयाबाईचं कडवं मोठमायनं बांधलेलं होतं. मोठमायचं जमुनाबाईनं.

"पण तुम्ही ऐकलंय ना ते?"

"ऐकलं. म्हणून म्हणू का?"

"रांगेत नका म्हणू. माझ्या कानात सांगा, मी म्हणते."

"कानात सांगलं तं ते गाणं नाही, चुगली होय."

मी हसले, पण तिला हसू आलं नाही. तिनं गुंडीतून लोटाभर पाणी घेतलं. "मले माह्या नावाचं काही नाही अल्का," ती म्हणाली. "मेल्यावर नाव काय चाटाचं आहे? पण तिथं गाणं लंगडते. अनुसया जाताना मी तिले शब्द देला होता, पूरं गाणं ठेवीन म्हणून. एक पात सुटली तं बांधीत तेवढं पाणीच दिसते. धान नाही दिसत."

जमुनाबाई केशोरीला लेकीकडं राहत होती. आम्ही फोन लावला. लेक म्हणाली, "माय चांगली आहे जी, खाते पिते. पण नावं नाही राहत ध्यानात. मलेच कधी आत्याच्या नावानं हाक मारते." संघदीपनं फोन तिच्या कानाला लावायला सांगितला. मोठमाय ओरडली, "जमुना, मी रुकमा वं!" पलीकडून आवाज आला, "कोण? दूधवाली? पैसे देले ना तुले." मोठमायनं फोन माझ्या हातात दिला आणि आत निघून गेली. मला आतून भीती वाटली. ते कडवं जगात एकाच माणसाच्या तोंडात होतं, आणि ते माणूस ते कुठं ठेवलं हे विसरत चाललं होतं.

पण तोंड विसरलं तरी हात विसरतात का, हा प्रश्न मला सोडेना. विहारात बसलेल्या मोठमायची बोटं मी पाहिली होती. मी संघदीपला म्हटलं, "जमुनाबाईला फोनवर विचारून चालणार नाही. तिला चिखलात आणावं लागेल. आणि शेजारी मोठमायला उभं करावं लागेल."

"या वयात? गुडघे बघा त्यांचे!"

"लेकीला विचारू. नाही म्हणाली तर नाही."

लेक नाही म्हणाली नाही. उलट म्हणाली, "न्या जी. पाऊस पडला का ती रोज दारात येऊन उभी राहते, कामावर चाललो म्हणते. एक दिवस खरंच जाऊ द्या."

राहिला वावराचा प्रश्न. ती बांधी आता केशोरावाच्या नातवाकडं, ओमेशकडं आहे. त्याचं खताचं दुकान आहे, माणूस मोकळा. तरी मी त्याच्या दुकानात जाऊन बोलताना पदर दोनदा सारखा केला. त्यानं सगळं ऐकून घेतलं आणि मग विचारलं, "भाभी, उस गाने में हमारे आजोबाचं काय आहे?"

मी लपवलं नाही. कडवं म्हणून दाखवलं. त्यानं खताच्या पोत्यावर हात ठेवला. "वाळून राहिले डोळ्यांपुढं," त्यानं पुन्हा म्हटलं. "आजोबा मरेपर्यंत कधी बोलले नाहीत त्या साली काय झालं ते. घरात पूछा तो उठून जायचे." मग म्हणाला, "विहिरीवर आता मोटर आहे. दोर नाही राहिला."

"दोर नको. बांधी पाहिजे."

"मग या. पण रोवणी खरीखुरी करा, व्हिडिओपुरती नको. पऱ्हे वाया घालवू नका माझे."

माझ्या तोंडून निघून गेलं, "तुमचे पऱ्हे वाया घालवायची आमच्या घराची जुनी सवय आहे."

तो बघतच राहिला, आणि मग असा हसला की दुकानातलं गिऱ्हाईक मागं वळलं.

रोवणीच्या दिवशी संघदीपनं जमुनाबाईला ऑटोनं आणलं. उंच, वाळलेली, कानात अजून चांदीच्या बाळ्या. मोठमाय रस्त्यावर तिची वाट बघत उभी होती. जमुनाबाई उतरली, तिच्याकडं नीट बघितलं आणि मला म्हणाली, "ह्या म्हातारीले पाणी द्या कोणी. उन्हानं लाल झाली." मोठमायनं मान फिरवली. मी तिचा हात धरला.

बांधीत आमच्या बाया आधीच उतरल्या होत्या. ओमेशनं दोन खुर्च्या आणून धुऱ्यावर ठेवल्या होत्या, त्यांच्याकडं जमुनाबाईनं बघितलंसुद्धा नाही. लुगडं वर खोचलं, लेकीच्या खांद्याला धरून चिखलात पाय टाकला, आणि पाय रुतताच तिचं अंगच बदललं. कोणी न सांगता पेंढी उचलली, तिचा बंध दातानं सोडला, आणि वाकली. बोटं अशी चालू लागली की आमच्या तरण्या बायांना मागं सरकायची घाई झाली. मोठमाय तिच्या डाव्या हाताला उतरली, तिच्या डावीकडं मी. माझी जागा अनुसयाबाईची, हे माझ्या नंतर लक्षात आलं.

मोठमायनं टाकलं, "वाकली वं रांग, माय, वाकली वं रांग." आम्ही झेललं. चिखलात ते वेगळंच वाजतं. वाकून म्हटलेलं पाण्यावर आपटून वर येतं. अनुसयाबाईचं कडवं झालं. "उठली वं रांग." आणि ती जागा आली.

मोठमाय या वेळी टक् करून पुढं गेली नाही. थांबली. सगळी रांग रोवत राहिली, नुसता पाण्याचा चुबुक चुबुक आवाज. जमुनाबाई खाली बघून रोवत होती. तिच्या तोंडावर काहीच नव्हतं. संघदीप धुऱ्यावर मोबाईल धरून उभा, त्यानं माझ्याकडं बघून मान हलवली: नाही होत.

मोठमाय मागं सरकताना तोल जाऊन जरा उजवीकडं गेली. तिचं कोपर जमुनाबाईच्या कोपराला लागलं.

"ए रुकमा," जमुनाबाई खाली बघतच खेकसली, "सरक तिकडं. लग्न होऊन आली तवापासून माह्याच पातीत घुसून राहिली!"

मोठमायच्या हातातलं रोप गळून पडलं. कोणी काही बोलायच्या आत जमुनाबाईनं मान वर केली आणि खणखणीत आवाजात टाकलं:

"रुकमा नवी नवरी, गुंडी नवी कोरी,
गडी लाठी घेऊन आला, हातून सुटली दोरी!"

आम्ही झेललं. कसं झेललं कोणास ठाऊक. जमुनाबाईनं पुढची ओळ घेतली:

"दोरी गेली, गुंडी गेली, रुकमा पळाली घरी…"

"पळाली?" मोठमाय सरळ झाली. इतकी वर्षं वाकलेली पाठ सरळ झाली म्हणायला हरकत नाही. "कोण पळाली वं?"

"तू पळाली."

"झूटी कुठची!"

"मी उभी होतो तिथं. रुकमा पळाली घरी," जमुनाबाईनं पुन्हा ओळ ओढली, अगदी चालीवर. "रुकमा पळाली घरी…"

आणि मोठमायनं, चिखलानं माखलेला हात कमरेवर ठेवून, सगळ्या वावराला ऐकू जाईल असं म्हटलं:

"सासूच्या भेवानं रुकमा उतरली विहिरी,
गुंडीसाठी गेली, पाणी घेऊन आली वरी!"

"उठली वं रांग!" आम्ही ओरडलो. "उठली वं रांग, माय, उठली वं रांग!" पलीकडच्या बांधीतल्या बायाही उभ्या राहून बघू लागल्या. तेव्हा कुठं मोठमायच्या ध्यानात आलं की आपण काय केलं. तिनं तोंडावर हात ठेवला, आणि मिशी काढावी तसा चिखल ओठावर उमटला.

"पाहा," जमुनाबाई म्हणाली, "लाज नाही. आपलं आपणच म्हटलं."

दुपारी धुऱ्यावर भाकरी सोडल्या तेव्हा सगळी गोष्ट बाहेर आली. दोघी एकमेकींचं वाक्य तोडत सांगत होत्या. बायांनी ठरवलं होतं की मालकाचा दोर नको, आपलंच भांडं आणि आपलाच दोर न्यायचा. मोहल्ल्यात नवं पितळेचं भांडं एकाच घरी होतं, मोठमायच्या लग्नात तिच्या आईनं दिलेली गुंडी. गडी लाठी उगारून धावला आणि भीतीनं तिच्या हातून दोर सुटला, गुंडी विहिरीच्या कडेवर आदळून आत गेली.

"तो पोचा!" मी म्हटलं.

"तोच. मले काही सुचलं नाही वं. एवढंच सुचलं का सासू विचारन गुंडी कुठी आहे. विहिरीले पायऱ्या होत्या. उतरली."

"अन् मंग मजा पाहाची होती," जमुनाबाईनं भाकरीचा तुकडा हवेत फिरवला. "गडी वरून बोंबलून राहिला, बाहेर निंघ, बाहेर निंघ. हे आत, गळ्यापर्यंत पाण्यात, गुंडी शोधून राहिली. मालक धावत आला. मालक गड्याले म्हणे, काढ तिले. गडी म्हणे, कसा काढू जी? काढाले तं हात लावा लागन!"

सगळ्या हसून लोळल्या. ओमेश जरा दूर बसला होता, तोही हसला आणि मग हसता हसता खाली बघू लागला. मोठमायनं त्याला हाक मारली. "ये बापू, बस इकडं. तुहा आजा त्या दिवशी विहिरीच्या काठावर बसून राहिला होता. आरडला नाही, काही नाही. दमला होता तो पण." ओमेश येऊन बसला. कोणीतरी त्याला ठेचा दिला.

गुंडी सापडली ती भरूनच वर आली. अनुसयाबाई आधी पाणी प्याली, मग रांगेतल्या सगळ्या. एकदा ते झाल्यावर अडवायला मालकाकडं उरलंच काय होतं? दुसऱ्या दिवशी त्याचा निरोप आला, दोर ठेवला आहे, या.

"मग हे तुम्ही आम्हाला कधीच का नाही सांगितलं?" संघदीपनं विचारलं.

मोठमाय बोटानं धुऱ्यावरची माती उकरत राहिली. "लोक म्हणत, रुकमानं हिंमत केली. आता हिंमत कायची बापू? सासूचं भेव होतं. भेवाचं कडवं पोट्ट्यायले काय ऐकवू?"

"लाठीचं नव्हतं का भेव?" जमुनाबाई म्हणाली.

"होतं."

"तरी उतरली ना? मंग झालं. मी तेच तं बांधलं."

संघदीपनं मोबाईल बंद केला नव्हता. हे सगळं त्यात आहे: पाण्याचा आवाज, "झूटी कुठची" आणि भाकरी चावणं. त्यातलं काही कापायचं नाही असं त्यानं स्वतःच ठरवलं. आता विहाराच्या वाचनालयात शनिवारी पोरं ते ऐकतात, आणि हात जोडून ऐकायला त्यांना बंदी आहे. झेलायचं.

संध्याकाळी मी जमुनाबाईला सोडायला केशोरीपर्यंत ऑटोत बसले. ती थकून माझ्या खांद्याला टेकली होती, नखांत चिखल तसाच. वाटेत तिनं मला दोनदा फुलवंता म्हणून हाक मारली आणि एकदा लेकीच्या नावानं. मी न राहवून विचारलं, "मावशी, तुम्ही ती विहिरीत उतरल्याची ओळ खरंच विसरला होता का? की मोठमायच्या तोंडून काढायची म्हणून मुद्दाम चुकवली?"

तिनं बाहेर बघितलं. रस्त्याच्या दोन्ही बाजूंनी नुकत्याच रोवलेल्या बांध्या सरकत होत्या, पिवळट, अजून मुळं न धरलेल्या.

"माय वं," ती म्हणाली, "ह्या वयात मी कोणतं इसरतो अन् कोणतं इसरल्यासारखं करतो, मलेच समजत नाही." मग माझा हात आपल्या हातात घेऊन बोटं चाचपत म्हणाली, "तू उद्याले येशील ना रोवणीले? तुही पात वाकडी जाऊन राहिली होती. तुह्यं कडवं बांधाले लागन."